सत्ताविसांतली एक

मे १९६९मध्ये स्टॅक्स या रेकॉर्ड कंपनीने देशभरातले वितरक आणि पत्रकार अमेरिकेतल्या मेम्फिस शहरात बोलावून घेतले आणि त्यांच्यापुढे एका दमात २७ एलपी मांडल्या. वर ३० सिंगल. शहाणी कंपनी एवढा माल एकदम बाजारात ओतत नाही. आपलाच माल आपल्याच मालाला मारतो. त्या २७मध्ये बुकर टी. अँड द एम.जी.ज होते, स्टेपल सिंगर्स होते, जॉनी टेलर, कार्ला थॉमस, एडी फ्लॉइड, अल्बर्ट किंग होते. कंपनीची सगळी भिस्त यांच्यावर. आणि या गर्दीत एक तबकडी अशी होती की तिच्यावर गाणी होती फक्त चार. त्यातलं एक बारा मिनिटांचं आणि एक पावणेएकोणीस मिनिटांचं. गाणाऱ्याच्या नावावर त्याआधीची एकच एलपी, तीही आदल्या वर्षी सपशेल पडलेली. एरवी हा माणूस दुसऱ्यांसाठी गाणी लिहायचा आणि पियानो वाजवायचा. त्याचं नाव आयझॅक हेज, आणि तबकडीचं नाव ‘हॉट बटर्ड सोल’.

आज सोल गायकाचा अल्बम म्हटलं की सलग ऐकायची, ऐकणाऱ्याला एकाच मनःस्थितीत बुडवून ठेवणारी मोठी रचना मनात येते. मार्विन गेचा ‘व्हॉट्स गोइंग ऑन’, स्टीव्ही वंडरचे सत्तरच्या दशकातले अल्बम, आणि तिथून थेट बियॉन्सेपर्यंत. पण हा घाट सोलने जन्मतः आणलेला नाही. सोल घडला तो पन्नासच्या दशकात, चर्चमधलं गाणं आणि ब्लूज यांची गाठ रे चार्ल्ससारख्यांनी मारली तेव्हा. त्यानंतरची दहा-पंधरा वर्षं तो वाढला सिंगलवर. लांब गाणं आणि लांब अल्बम ही त्याला उशिरा लागलेली सवय. ती कशी लागली याचं उत्तर शोधत गेलं की आपण कलावंताच्या स्वप्नापाशी नव्हे, तर कंपनीच्या खतावणीपाशी पोचतो.

आधी गाणं तीन मिनिटांचंच का असायचं ते बघू. ही मर्यादा यंत्राने घातलेली. मिनिटाला ७८ फेरे घेणाऱ्या दहा इंची तबकडीच्या एका बाजूवर जेमतेम तीन मिनिटांचं गाणं मावायचं, म्हणून गाणी तीन मिनिटांची झाली. १९४८मध्ये कोलंबियाने ३३⅓ फेऱ्यांची एलपी आणली. तिच्या एका बाजूवर वीस-बावीस मिनिटं आरामात बसू लागली. पुढच्याच वर्षी आरसीएने ४५ फेऱ्यांची छोटी तबकडी काढली; सिंगल म्हणतात ते हेच. मग बाजाराने वाटणी केली. एलपी गेली सिंफनीकडे, ब्रॉडवेच्या संगीत नाटकांकडे, जाझकडे, सिनात्राकडे. पंचेचाळीसची तबकडी गेली ज्यूकबॉक्सकडे, रेडिओकडे, शाळकरी पोरांकडे आणि कृष्णवर्णीय गिऱ्हाइकांकडे. सिंगल डॉलरच्या आत मिळायची, एलपीला चार-पाच डॉलर पडायचे. कृष्णवर्णीय माणूस एलपी घेत नाही, ही कंपन्यांची पक्की समजूत होती. जी वस्तू त्याच्यासाठी कधी धड तयारच केली नाही, ती तो घेत नाही हे सिद्ध करणं अर्थातच सोपं होतं. सोल गायकाची एलपी म्हणजे बहुतेक वेळा दोन-तीन चाललेली सिंगल आणि उरलेल्या जागेत भरताड.

अपवाद होते. ओटिस रेडिंगची १९६५मधली ‘ओटिस ब्लू’ एखाददुसऱ्या दिवसात ध्वनिमुद्रित झाली आणि तरी अव्वल ते अखेर कसदार आहे. पण ती तीन-तीन मिनिटांच्या गाण्यांचीच माळ. जेम्स ब्राउनने १९६२च्या ऑक्टोबरात न्यूयॉर्कच्या अपोलो थिएटरमधली आपली मैफल ध्वनिमुद्रित करायची ठरवली, तेव्हा त्याच्या कंपनीच्या मालकाने पैसे द्यायला नकार दिला. नवी गाणी नाहीत, सिंगल काढता येणार नाही, मग हे घेणार कोण? ब्राउनने पदरचे पैसे घातले. ती तबकडी बिलबोर्ड या संगीत-व्यवसायाच्या साप्ताहिकाच्या अल्बमांच्या यादीत दुसऱ्या क्रमांकापर्यंत गेली. तिच्यावरचं एक गाणं दहा मिनिटांहून लांब होतं. एवढ्यावरून कंपन्यांचे डोळे उघडायला हवे होते. पण ती मैफल होती, आणि जेम्स ब्राउन हा जेम्स ब्राउन होता, अशी स्वतःची समजूत घालून सगळे पुन्हा सिंगलच्या धंद्याला लागले.

आता स्टॅक्स. जिम स्टुअर्ट नावाच्या, बँकेत नोकरी करणाऱ्या आणि फावल्या वेळात फिडल वाजवणाऱ्या गोऱ्या माणसाने १९५७मध्ये ती काढली, तेव्हा नाव होतं सॅटेलाइट. बहीण एस्टेल अ‍ॅक्स्टनने पैसे घातले. दोघांच्या आडनावांची पहिली अक्षरं जोडून पुढे स्टॅक्स झालं. १९६०मध्ये त्यांनी मेम्फिसच्या मॅकलेमोर अ‍ॅव्हेन्यूवरचं एक बंद पडलेलं सिनेमा थिएटर भाड्याने घेतलं. खुर्च्या काढल्या, पण उताराची जमीन तशीच राहिली, आणि त्या उतारावर वाजवलेल्या वाद्यांचा एक खास घुमारा तबकडीत उतरला. बाहेर तिकीटविक्रीच्या आणि खाऊच्या जागेत एस्टेलबाईंनी रेकॉर्डचं दुकान थाटलं. गल्लीतली पोरं तिथे येत, गाणी ऐकत, आणि त्यांतलीच काही आतल्या स्टुडिओत वाजवू लागली. कायद्याने आणि रूढीने गोरे-काळे वेगळे ठेवणाऱ्या शहरात या थिएटरच्या आत दोघे एका गाण्यावर काम करत होते.

देशभर वितरण करायचं तर मोठा हात हवा. तो न्यूयॉर्कच्या अ‍ॅटलांटिक कंपनीने दिला. सुरुवातीला सगळं तोंडी, विश्वासावर. १९६५मध्ये लेखी करार झाला आणि स्टुअर्टने तो नीट न वाचता सही केली. १९६७मध्ये वॉर्नर ब्रदर्स–सेव्हन आर्ट्‌सने अ‍ॅटलांटिक विकत घेतली, स्टॅक्सने वेगळं व्हायचं ठरवलं, आणि मग ते कागद उलगडले गेले. अ‍ॅटलांटिकने वितरित केलेल्या स्टॅक्सच्या सगळ्या ध्वनिमुद्रणांची मालकी अ‍ॅटलांटिककडे होती. पुढची नव्हे, झालेली. सात-आठ वर्षांची कमाई एका कलमाने गेली. सॅम अँड डेव्ह ही गायकांची जोडी मुळात अ‍ॅटलांटिकचीच, स्टॅक्सला जणू वापरायला दिलेली. तीही परत गेली. मराठीत करार न वाचता सही करणाऱ्यांच्या पुष्कळ कथा आहेत, पण एवढी महागडी सही क्वचितच कुणी केली असेल.

संकटं त्या काळात एकामागोमाग आली. १० डिसेंबर १९६७ला ओटिस रेडिंगचं छोटं विमान विस्कॉन्सिनमधल्या मॅडिसनजवळ मोनोना तळ्यात कोसळलं. त्याच्यासोबत बार-केज या साथीदार बँडमधली बहुतेक पोरं गेली. विमानातला फक्त ट्रम्पेटवाला बेन कॉली वाचला. बास वाजवणारा जेम्स अलेक्झांडर त्या विमानात नव्हता म्हणून वाचला. चारच महिन्यांनी, ४ एप्रिल १९६८ला, मेम्फिसच्या लोरेन मोटेलच्या सज्जात मार्टिन ल्यूथर किंग यांची हत्या झाली. स्टॅक्सच्या माणसांसाठी लोरेन हे बातमीतलं ठिकाण नव्हतं. काळे-गोरे एकत्र बसू शकतील अशा शहरातल्या मोजक्या जागांपैकी ती एक. उन्हाळ्यात हीच मंडळी तिथे जेवायला, पोहायला जात, तिथल्या खोल्यांत बसून गाणी लिहीत. ‘नॉक ऑन वुड’ हे गाणं तिथेच लिहिलं गेलं. आयझॅक हेज या हत्येनंतर जवळपास वर्षभर काही लिहू शकला नाही, असं त्याने पुढे सांगितलं आहे.

मे १९६८मध्ये स्टॅक्स गल्फ अँड वेस्टर्न या अवाढव्य उद्योगसमूहाला विकली गेली. कंपनीकडे आता पैसा होता, स्टुडिओ होता, वाजवणारे होते. विकायला जुनं काही नव्हतं. रेकॉर्डच्या धंद्यात नवं गाणं म्हणजे जुगार. भाकरी मिळते ती जुन्या तबकड्यांच्या संथ, बारमाही विक्रीवर. ती कपाटंच रिकामी. (त्या वर्षी स्टॅक्सने काढलेल्या पहिल्या सिंगलपैकी एक बुकर टी. आणि मंडळींचं ‘सोल लिम्बो’. बीबीसीने ते पुढे क्रिकेट प्रक्षेपणाची धून म्हणून वापरलं. म्हणजे मेम्फिसच्या सोलशी आपला काही संबंध नाही असं समजणाऱ्या पुष्कळ क्रिकेटवेड्यांच्या कानात ते आधीच बसलेलं असणार.)

कंपनीची सूत्रं आता अल बेल या माणसाच्या हाती आली होती. मूळचा रेडिओवरचा निवेदक, १९६५मध्ये स्टॅक्समध्ये प्रसिद्धीचं काम बघायला आलेला. कृष्णवर्णीय, उंच, बोलघेवडा, आणि आकड्यांच्या बाबतीत बेधडक. बेलचा हिशेब असा: कपाटं रिकामी आहेत ना, मग ती एकदम भरू. जे काम सात-आठ वर्षांत झालं होतं, ते काही महिन्यांत करायचं. स्टॅक्समध्ये ज्याला ज्याला गाता-वाजवता येतं त्या प्रत्येकाने एलपी करायची. गीतकार आयझॅक हेजला त्याने त्याच ओघात विचारलं.

हेज १९४२मध्ये टेनेसीतल्या कव्हिंग्टन या गावात जन्मला. आई लवकर गेली, बाप सोडून गेला. खंडाने शेती करणाऱ्या आजी-आजोबांनी सांभाळलं. कापूस वेचणारं घर. पुढे मेम्फिसला आल्यावर घालायला कपडे नाहीत या शरमेने शाळा सुटली, ती शिक्षकांच्या आग्रहाने पुन्हा धरून विशी उलटता उलटता पुरी केली. मांसप्रक्रियेच्या कारखान्यात नोकरी आणि रात्री क्लबांत गाणं. बुकर टी. जोन्स कॉलेजात शिकायला गेला तेव्हा त्याच्या जागी की-बोर्डवर बसायला म्हणून हेज स्टॅक्समध्ये शिरला. विमा विकणारा डेव्हिड पोर्टर त्याला भेटला आणि दोघांनी मिळून सॅम अँड डेव्हसाठी ‘होल्ड ऑन, आय’म कमिन’’ आणि ‘सोल मॅन’ लिहिली. तीन मिनिटांच्या आतलं, एकही शब्द फुकट न जाणारं सिंगल कसं बांधायचं हे या माणसाइतकं फार थोड्यांना कळत होतं. पुढे त्याने जे केलं ते अडाणीपणातून आलेलं नव्हतं, हे लक्षात ठेवलेलं बरं.

त्याची पहिली एलपी १९६८मधली. रात्री उशिरा, पार्टीनंतर, एक बासवाला आणि एक ड्रमर सोबत घेऊन, कसलीही तयारी न करता वाजवलेली. तिच्याकडे कुणी ढुंकून पाहिलं नाही. म्हणून या वेळी हेजने अट घातली: करीन, पण मला हवी तशी, मध्ये कुणी बोलायचं नाही. बेल हो म्हणाला. यात बेलची कलादृष्टी किती आणि घाई किती, हे ठरवणं अवघड आहे. मला घाईचं पारडं जड वाटतं. २७ खाती भरायची असताना एका खात्यात काय आहे याची चौकशी करायला वेळ कुणाला? हेजनेही पुढे मुलाखतींत हेच सांगितलं: बाकीच्या २६ एलपी कंपनीचा भार उचलायला होत्या, तेव्हा आपल्या तबकडीच्या विक्रीचं दडपण आपल्यावर नव्हतं. त्याला मिळालेलं स्वातंत्र्य असं बेदखलपणातून आलं.

पावणेएकोणीस मिनिटांचं गाणं मात्र स्टुडिओत सुचलेलं नाही. त्याची हकीकत हेज सांगत असे, आणि इतक्यांदा सांगितली की तिला चांगली झिलई चढली आहे. पण गाभा पटण्यासारखा आहे. जिमी वेबने लिहिलेलं आणि ग्लेन कॅम्पबेलने १९६७मध्ये गाऊन गाजवलेलं ‘बाय द टाइम आय गेट टू फिनिक्स’ त्याने रेडिओवर ऐकलं. बाईला सोडून मोटार हाकत निघालेल्या पुरुषाचं गाणं. गोऱ्यांचं, कंट्री वळणाचं, पावणेतीन मिनिटांच्या आतलं. मेम्फिसच्या टिकी क्लबमध्ये बार-केज वाजवत होते, तिथे हेज गायला उठला. क्लबात गलका. हे गाणं तसंच सुरू केलं तर कुणाच्या कानावरही पडलं नसतं. त्याने बँडला सांगितलं, पहिला कॉर्ड धरून ठेवा, पुढे जाऊ नका. आणि तो बोलू लागला. हा माणूस कोण होता, कुठून आला, त्याचं बायकोवर किती प्रेम होतं, तिने काय केलं. तो सात वेळा गेला आणि सात वेळा परत आला. आठव्यांदा मात्र निघाला तो निघालाच. टेबलांवरचं बोलणं हळूहळू थांबलं. आणि मग, सगळी पार्श्वभूमी लोकांच्या मनात बसल्यावर, मूळ गाण्याची पहिली ओळ आली.

मराठी माणसाला हे तंत्र नवं वाटणार नाही. कीर्तनकार एक अभंग घेतो आणि निरूपण करता करता श्रोत्याला अशा जागी आणून सोडतो की तीच ओळ पुन्हा आली की तिचं वजन दुप्पट झालेलं असतं. पाठीमागे पेटीवाल्याने सूर धरलेलाच असतो. हेजचं निरूपण अर्थातच आपल्याकडून गेलेलं नाही. ते त्याच्याच वाड्यातलं: दक्षिणेतल्या कृष्णवर्णीय बाप्टिस्ट चर्चमधलं. तिथला उपदेशक बोलता बोलता चढत जातो, ऑर्गनवाला खाली एकच सूर धरून असतो, आणि बोलणं कुठे संपलं नि गाणं कुठे सुरू झालं ते सांगता येत नाही. फरक एवढाच की चर्चमध्ये पापी माणूस देवाकडे परततो आणि इथे तो अल्बुकर्कीच्या दिशेने निघून जातो.

स्टॅक्सचा स्टुडिओ त्या महिन्यांत २७ एलपींच्या कामाने ओसंडून वाहत होता, म्हणून हेजला शहरातल्याच आर्डेंट या दुसऱ्या स्टुडिओत पाठवलं. तिथे ध्वनिमुद्रण सांभाळायला टेरी मॅनिंग. साथीला अलेक्झांडर आणि कॉली यांनी विमान अपघातानंतर नव्याने उभे केलेले बार-केज, विशीच्या आगेमागेची पोरं. आणि की-बोर्डवर मार्व्हेल थॉमस, मेम्फिसचा जुना गमत्या गायक रूफस थॉमस याचा मुलगा. निर्माते म्हणून बेल, थॉमस आणि अ‍ॅलन जोन्स. हेज ऑर्गन वाजवत गात होता आणि मान-हात यांच्या इशाऱ्यांनी बँडला पुढे नेत होता. ‘फिनिक्स’मध्ये साथ म्हणजे जवळजवळ काहीच नाही: बासचा एक सूर, झांजेची टकटक, ऑर्गनची साय. वाजवणाऱ्याची खरी कसोटी इथे लागते. आठ-नऊ मिनिटं काहीही न करता, न ढळता, वाजवत राहायचं.

दुसऱ्या टोकाला ‘वॉक ऑन बाय’. बर्ट बॅकरॅक आणि हॅल डेव्हिड या जोडीचं, डिऑन वॉरविकने १९६४मध्ये गायलेलं हलकंफुलकं दुःख. हेजने ते बारा मिनिटांचं केलं: आधी तंतुवाद्यांची भव्य मिरवणूक, मग फाटक्या आवाजाची फझ गिटार, मग तो जड, सावकाश चाललेला ठेका, आणि गाणं सुरू होईतो ऐकणाऱ्याचा जीव टांगणीला. ही तंतुवाद्यं मेम्फिसची नव्हेत. मेम्फिसचा बाणा ब्रास आणि ऑर्गनचा. रेशमी व्हायोलिनं ही डेट्रॉइटच्या मोटाउन या रेकॉर्ड कंपनीची मिरास. म्हणून ध्वनिफिती डेट्रॉइटला गेल्या आणि तिथे जॉनी अ‍ॅलन या संयोजकाने तंतुवाद्यांची आणि ब्रासची भर घातली. हेजला स्वरलिपी लिहिता येत नव्हती. तो तोंडाने गुणगुणून कोणत्या वाद्याने काय वाजवायचं ते सांगायचा आणि संयोजक उतरवून घ्यायचा. दोन शहरांतली जुनी स्पर्धा या एका तबकडीत मिटली, असं म्हणायला हरकत नाही.

उरलेल्या दोन गाण्यांपैकी ‘वन वुमन’ पाच मिनिटांचं, सज्जन, नीटस गाणं. चुकीच्या घोळक्यात सापडल्यासारखं वाटतं. दुसऱ्याचं नाव मुद्दाम उच्चारता येऊ नये असं घडवलेलं, ‘हायपरबॉलिकसिलॅबिकसेस्क्वेडालिमिस्टिक’. शब्दांची चेष्टा संपली की त्यात पियानो आणि ताल यांचा लांबलचक, हट्टी फेर सुरू होतो, आणि तोच त्याचा खरा ऐवज. हे फेर पुढे कामाला येणार होते.

अशी गाणी तबकडीवर बसवणं हेही काम असतं. एलपीची एका बाजूवरची मिनिटं वाढली की खाचा जवळजवळ कापाव्या लागतात, आणि खर्जाचे सूर तर रुंद खाच मागतात. जागा आणि आवाज यांचं भांडण. दुसऱ्या बाजूवर ‘वन वुमन’ आणि ‘फिनिक्स’ मिळून जवळपास चोवीस मिनिटं झाली होती. त्याहून फार पुढे जाता आलं नसतं. म्हणजे तीन मिनिटांची जुनी मर्यादा मोडणारं हे गाणं नव्या यंत्राच्या कुंपणाला जाऊन टेकलं होतं.

मुखपृष्ठावर चेहरा नाही. वरून घेतलेलं छायाचित्र: तुळतुळीत गोटा केलेलं डोकं, काळा चष्मा आणि गळ्यात सोन्याची साखळी. तोवर कृष्णवर्णीय गायकाने मुखपृष्ठावर केस चापून-चोपून, सूट घालून हसायचं असा रिवाज होता. कंपन्या तर कधीकधी गायकाऐवजी गोऱ्या मुलीचं चित्र छापायच्या. ‘ओटिस ब्लू’च्या मुखपृष्ठावर तेच आहे.

आता विक्री. रेडिओवाल्यांकडे वाजवायला सिंगल नव्हतं, आणि पावणेएकोणीस मिनिटांत एरवी त्यांची सहा गाणी आणि जाहिराती बसायच्या. तरी काही निवेदकांनी रात्रीच्या वेळी संपूर्ण बाजू लावली, लोकांनी फोन केले, आणि दुकानांत मागणी आली ती थेट एलपीची. मग कंपनीने नाइलाजाने दोन मोठी गाणी कापून एका सिंगलच्या दोन बाजूंवर घातली. धंद्याचा क्रम उलटा झाला: एरवी सिंगल एलपीला ओढत नेतं, इथे एलपी पुढे आणि सिंगल तिच्या मागे फरफटत. त्या सिंगलची ‘वॉक ऑन बाय’ची बाजू पॉपच्या यादीत तिसाव्या क्रमांकावर पोचली आणि ‘फिनिक्स’ची सदतिसाव्या. एलपी मात्र बिलबोर्डच्या सोल अल्बमांच्या यादीत पहिली, जाझच्या यादीतही पहिली आणि सगळ्यांच्या सामायिक यादीत आठवी. दहा लाखांवर प्रती खपल्या. २७मधली सर्वांत जास्त चाललेली तबकडी ही निघाली.

जाझच्या यादीतला तो पहिला क्रमांक गमतीचा आहे. दुकानदाराला ही तबकडी कोणत्या रांगेत उभी करायची ते कळत नव्हतं. गाणी पॉपची, एक कंट्रीचं, गायक सोलचा, लांबी जाझची. सोलचं नाव तरी त्या यादीला नुकतंच चिकटत होतं: बिलबोर्डने आपल्या ऱ्हिदम अँड ब्लूजच्या याद्यांना ‘सोल’ म्हणायला सुरुवात केली तीच मुळी १९६९च्या ऑगस्टात. ज्या महिन्यांत त्या पंथाला अधिकृत पाटी मिळत होती, त्याच महिन्यांत एक तबकडी पाट्यांच्या भिंती ओलांडून तिन्ही रांगांत उभी राहिली.

कंपन्यांनी धडा घेतला, तो त्यांच्या पद्धतीने. जे एलपी घेत नाही असं म्हटलं होतं, ते गिऱ्हाईक चार-पाच डॉलर मोजून चार गाणी घेऊन गेलं होतं. हेजकडून लगेच तसाच माल मागितला गेला. १९७०च्या ‘द आयझॅक हेज मूव्हमेंट’वर पुन्हा चारच गाणी. त्याच वर्षी आणखी एक एलपी, १९७१मध्ये ‘शाफ्ट’ चित्रपटाची दुहेरी तबकडी आणि पाठोपाठ ‘ब्लॅक मोझेस’, तीही दुहेरी. ‘शाफ्ट’च्या गाण्याला ऑस्कर मिळालं. यातलं सगळंच मला सारखं आवडत नाही. पहिल्यांदा गरजेतून आलेलं बोलणं नंतर नंतर ‘आयक्स रॅप’ अशा क्रमांकांनी छापून येऊ लागलं, आणि निरूपण हे ठरावीक कार्यक्रम झालं. पण दार उघडलं होतं. मोटाउनमध्ये मार्विन गेने ‘व्हॉट्स गोइंग ऑन’साठी मालकाशी झगडा केला तो १९७०-७१मध्ये, तेव्हा लांब, सलग सोल अल्बम विकतो याचा दाखला त्याच्यापुढे होता. कर्टिस मेफील्ड आणि बॅरी व्हाइट यांच्या लांब, तंतुवाद्यांनी मढवलेल्या गाण्यांत आणि पुढे डिस्कोच्या बारा इंची तबकड्यांत हे कूळ सहज ओळखू येतं.

स्टॅक्सला मात्र हे यश पुरलं नाही. कंपनी पुन्हा पसरली, १९७२मध्ये वितरणासाठी सीबीएसशी करार केला, तो अंगाशी आला, कर्ज वाढलं. हेजचे पैसे थकले. १९७४मध्ये त्याने लाखो डॉलरचा दावा लावला आणि तडजोडीत कंपनीतून मोकळा झाला. १९७५च्या डिसेंबरात कोर्टाच्या आदेशाने स्टॅक्सला टाळं लागलं. हेजही १९७६मध्ये दिवाळखोर ठरला. देणं ६० लाख डॉलरच्या वर. त्या व्यवहारात आपल्या जुन्या गाण्यांपासून पुढे येणाऱ्या मानधनावरचा हक्क त्याच्या हातून गेला.

आणि हक्क गेल्यावर त्या गाण्यांना खरी मागणी आली. हिपहॉपवाल्यांना हवे असतात ते रिकाम्या जागेचे तुकडे: शब्द नसलेले, सावकाश, पुन्हा पुन्हा फिरवता येणारे चार-आठ ठोके. तीन मिनिटांच्या सिंगलमध्ये अशी मोकळी जमीन कुठून असणार? हेजच्या तबकड्यांत ती एकरांनी होती. पब्लिक एनिमीने १९८८मध्ये त्या उच्चारता न येणाऱ्या गाण्यातला पियानो उचलला. नोटोरियस बी.आय.जी.ने १९९४मध्ये ‘वॉर्निंग’साठी ‘वॉक ऑन बाय’ घेतलं. इंग्लंडमध्ये पोर्टिसहेड आणि ट्रिकी यांनी ‘ब्लॅक मोझेस’मधल्या एकाच तुकड्यावर दोन वेगवेगळी गाणी उभी केली. लांबवता लांबवता बारा मिनिटांवर नेलेलं गाणं शेवटी काही सेकंदांचं होऊन जगभर फिरलं.

२००८च्या ऑगस्टात हेज मेम्फिसमध्ये गेला. मॅकलेमोर अ‍ॅव्हेन्यूवरचं थिएटर १९८९मध्येच पाडलं होतं. त्याच जागी २००३मध्ये सोल संगीताचं संग्रहालय उभं राहिलं. २०१६च्या बियॉन्सेच्या ‘लेमोनेड’मधलं ‘सिक्स इंच’ ऐकलं तर खाली तोच जड ठेका आणि तीच तंतुवाद्यं येतात, जी हेजने गुणगुणून उतरवून घ्यायला लावली होती. त्या गाण्याच्या रचनाकारांची यादी लांबलचक आहे. तिच्यात बर्ट बॅकरॅक आणि हॅल डेव्हिड आहेत, कारण कायद्याच्या लेखी ‘वॉक ऑन बाय’ त्यांचं. चाल आणि शब्द यांना रचना म्हणतात. ठेका, विलंब, सुरुवातीची मिरवणूक हे संयोजन, आणि संयोजनाला त्या रकान्यात जागा नाही. आयझॅक हेजचं नाव रचनाकारांत नाही.